एकच मोबाइल नंबर: सांगलीतल्या एका बिलिंग सॉफ्टवेअरच्या प्रकल्प नोंदी

ऑफिसातल्या निळ्या वहीतल्या आणि २०१८ नंतर एका फाइलमध्ये ठेवलेल्या नोंदींतून निवडून. दुकानदारांची नावं काढली आहेत. बाकी मजकुराला फारसा हात लावलेला नाही.

३० ऑक्टोबर २०१६, लक्ष्मीपूजन

संध्याकाळी गणपती पेठेत आण्णांच्या किराणा दुकानी पूजेला. रोजकीर्द आणि खतावणीच्या नव्या वह्या, आणि त्यांच्या शेजारी यंदा पहिल्यांदाच आमचा कीबोर्ड. आण्णांनी वहीवर स्वस्तिक काढलं, हळद-कुंकू वाहिलं आणि तोच हात कीबोर्डवरूनही फिरवला. एफ-फाइव्हच्या बटणात कुंकू गेलं. एफ-फाइव्ह म्हणजे ‘बिल सेव्ह’. उद्या ब्रश घेऊन जायचं.

दिवाळीचा हिशेब: गिऱ्हाइकं १४. माणसं दोन. भागीदार कोड लिहितो. मी विकतो, बसवतो, शिकवतो आणि वसूल करतो. किंमत एकदाच ६,५०० रुपये, दुसऱ्या वर्षापासून देखभालीचे १,५००. चौदातल्या पाच जणांनी पहिलेच पैसे पुरते दिलेले नाहीत. उधारीचं सॉफ्टवेअर उधारीवर विकतोय.

स्क्रीनच्या तळाला माझा मोबाइल नंबर टाकलाय. भागीदार म्हणतो, त्यापेक्षा वेबसाइटवर मदतीचं पान कर. काउंटरवर चार गिऱ्हाइकं खोळंबलेली असताना दुकानदार ते पान वाचणार कधी?

११ नोव्हेंबर २०१६

मंगळवारी रात्री पाचशे-हजारच्या नोटा गेल्या. पेठेत सुट्टे नाहीत, शंभरची नोट दिसत नाही. ओळखीचं गिऱ्हाईक परत पाठवता येत नाही, म्हणून सगळा माल उधारीवर चाललाय. आमच्या उधारीच्या पानावर गिऱ्हाइकाचा मोबाइल नंबर सक्तीचा होता. भागीदाराला वाटलं होतं, त्यामुळे माहिती नीट राहील. आज एका दुकानाची माहिती उघडली तर ६३ गिऱ्हाइकं, आणि सगळ्यांचा नंबर एकच: दहा वेळा नऊ.

सक्ती काढली. नुसतं नाव चालेल. ‘पिठाच्या गिरणीवाला’ हेही नावच.

२१ मे २०१७

जीएसटी परिषदेच्या श्रीनगरच्या बैठकीत दर ठरले. रविवारभर याद्या वाचल्या. व्हॅटच्या काळात आमच्या बिलाला कराचा एकच रकाना होता. आता राज्यातल्या राज्यात विक्री असेल तर केंद्राचा आणि राज्याचा असे दोन, बाहेर गेली तर तिसराच. भागीदार म्हणतो, बिलाचा आख्खा सांगाडा उचकटावा लागेल. हातात ४० दिवस.

खरी गोम किराण्यात आहे. तांदूळ तोच, पण नोंदणीकृत ब्रँडच्या पिशवीत असेल तर कर लागायची चिन्हं, नाहीतर शून्य. आण्णांनी विचारलं, “पोत्यावर वाघाचं चित्र हाय. त्यो ब्रँड धरायचा का न्हाई?” उत्तर नव्हतं. ट्रेडमार्क नोंदवलाय का ते मिलवाल्याला विचारा म्हणालो. आण्णा म्हणाले, मिलवाला मलाच विचारतोय.

२७ जून २०१७

दोन दिवस एका पैशापायी गेले. दहा रुपयांचा साबण, १८ टक्के कर, छापील किमतीतच धरलेला. दहाला १.१८ ने भागलं की ८.४७. त्यावर ९ टक्के केंद्राचे ७६ पैसे, ९ टक्के राज्याचे ७६ पैसे. बेरीज ९.९९. गिऱ्हाईक दहा देतं, बिल म्हणतं नऊ नव्व्याण्णव. दिवसाला तीनशे बिलं म्हटली की रात्री गल्ला आणि संगणक जुळत नाहीत, आणि दुकानदाराचा संशय गल्ल्यावरच्या पोरावर जातो.

आता उलट करतो. आधी दोन्ही कर पैशापर्यंत काढायचे, दहातून वजा करायचे, उरेल ती मूळ किंमत: ८.४८. भागीदाराला हे पटलेलं नाही. पुस्तकात असं नाही म्हणतो. गल्ल्यात आहे, म्हटलं.

१ जुलै २०१७, शनिवार

मध्यरात्री दिल्लीत जीएसटी सुरू झाला, आमच्याकडे सकाळी साडेसातला. पहिला फोन मिरजेहून: “बिल निघंना झालंय, गिऱ्हाईक थांबलंय.” नंतर मोजायला लागलो. रात्री अकरापर्यंत १४३.

निम्मे फोन एकाच गोष्टीचे. अथणीच्या व्यापाऱ्याला माल पाठवताना कर कुठला लावायचा, हे आम्ही दुकानदाराला निवडायला सांगितलं होतं. आमची घोडचूक. जीएसटी क्रमांकाचे पहिले दोन आकडे म्हणजे राज्य: महाराष्ट्र २७, कर्नाटक २९. ते बघून यंत्राला कळायला हवं, माणसाला कशाला विचारायचं? दुपारी दोनला दुरुस्ती तयार. पण ती दुकानात पोचवायची कशी? पेनड्राइव्ह घेऊन मी स्कूटरवर, भागीदार सायकलवर. रात्रीपर्यंत ३८ दुकानं.

गिऱ्हाइकं ६१. मार्चमध्ये २५ होती. यात आमचं कर्तृत्व शून्य आहे. दोन जीआर जास्त निघाले असते तर शंभर झाली असती.

१५ नोव्हेंबर २०१७

गुवाहाटीच्या बैठकीनंतर आजपासून पावणेदोनशेच्या वर वस्तू २८ टक्क्यांवरून १८ वर. आम्ही मालाच्या यादीत दर हा नुसता एक आकडा ठेवला होता. सकाळी बदलला. दुपारी एका हार्डवेअरवाल्याने गेल्या आठवड्याचं बिल पुन्हा छापलं, तर त्यावर आजचा दर. भरलेला कर एक आणि कागदावर दुसरा.

दराला तारीख पाहिजे. ‘या तारखेपासून या तारखेपर्यंत’ असे दोन रकाने. पाच महिन्यांपूर्वी सुचलं असतं तर आजची रात्र झोपेची होती.

९ मार्च २०१८

गिऱ्हाइकं २३०. ती आली कुठून हे नीट लिहून ठेवतो, कारण जाहिरातीवर घातलेल्या १८,००० मधून चारसुद्धा आलेली नाहीत.

करसल्लागारांकडून आली. सांगली-मिरजेत एकेका करसल्लागाराकडे पन्नास ते दीडशे दुकानं. जुलैपासून हे लोक महिन्याच्या दहा तारखेला पोत्याने बिलं घेऊन बसतात आणि दोन पोरं लावून ती एक्सेलमध्ये भरतात. आमच्या सॉफ्टवेअरमधून त्यांना हवी तशी फाइल एका बटणावर निघते, हे एकाच्या लक्षात आलं. त्याने आपल्या सगळ्या दुकानदारांना सांगितलं, हे घ्या नाहीतर पुढच्या महिन्यापासून फी दुप्पट. एका फटक्यात ४४ दुकानं.

म्हणजे वापरणारा दुकानदार, पैसे देणारा दुकानदार, निवडणारा मात्र तिसराच. आमचं सगळं बोलणं आजवर चुकीच्या माणसाशी चाललं होतं. या महिन्यात दुकानदारासाठी नवीन काही नाही. करसल्लागाराला दीडशे दुकानं एका पानावर दिसतील, कुणाची बिलं आली, कुणाची राहिली, असं पान करायचं.

फोनवर बसायला एक बी. कॉम. झालेली मुलगी घेतली. पहिल्याच दिवशी एका शेठजींना म्हणाली, “काका, आधी प्रिंटरचं बटण चालू करा.” सहा महिन्यांत मला हे असं सरळ सांगता आलेलं नव्हतं.

२२ ऑगस्ट २०१८

मराठीत बिल हवं, ही मागणी पहिल्या दिवसापासूनची. स्क्रीनवर मराठी दिसतं, पण तीन इंची थर्मल प्रिंटरच्या पोटात देवनागरीच नाही. त्याला इंग्रजी अक्षरं कळतात. मराठी पाठवलं की चौकटी आणि प्रश्नचिन्हं. उपाय एकच: आख्खं बिल चित्र म्हणून काढायचं आणि ते चित्र ठिपक्या-ठिपक्यांनी छापायचं. जमलं, पण इंग्रजी बिलाला एक सेकंद लागतो तिथे मराठीला चार. शनिवारच्या गर्दीत तीन सेकंद फार. आता मालाचं नाव चित्रात आणि आकडे प्रिंटरच्याच अक्षरात. दीड सेकंद.

एक राहिलंय. कऱ्हाडचा एक दुकानदार, त्याच्या गावाचं नाव ‘कर्हाड’ असं छापून येतं. जुन्या फॉन्टमधली यादी युनिकोडमध्ये, म्हणजे सगळ्या संगणकांना कळणाऱ्या अक्षरसंकेतात, आणताना आम्ही न दिसणारी चिन्हं झाडून काढली, त्यात ‘ऱ्ह’ धरून ठेवणारं जोडचिन्हही गेलं. छोटं काम आहे, पुढच्या आठवड्यात करू.

८ ऑगस्ट २०१९

कृष्णेवरच्या आयर्विन पुलाला धोक्याची पातळी ४५ फूट. पाणी ५५ च्या वर गेलंय आणि अजून चढतंय. गणपती पेठ, हरभट रोड, मारुती चौक, खणभाग पाण्यात. आम्ही विश्रामबागला, कोरडे. वीज नाही. फोन येत नाहीत. इतका शांत फोन कधी पाहिला नव्हता.

१६ ऑगस्ट २०१९

पाणी उतरलं. पेठेत चिखल, आणि कुजलेल्या धान्याचा वास असा की नाकाला रुमाल लावूनही थांबता येत नाही. आपली ३१ दुकानं बुडाली. आण्णांच्या दुकानात पाणी माळ्याला टेकलं होतं. संगणक काउंटरखाली होता. रोज रात्री पेनड्राइव्हवर प्रत काढायची हे मीच शिकवलेलं, आणि आण्णा ते नेमाने करत. पेनड्राइव्ह गल्ल्यात. गल्ला पाण्यात.

बहुतेकांचं तसंच. प्रत काढली, पण दोन हातांच्या अंतरावर ठेवली. दोष त्यांचा नाही. ‘दुकानाबाहेर ठेवा’ हे वाक्य आम्ही कधी उच्चारलंच नव्हतं.

२३ ऑगस्ट २०१९

३१ हार्डडिस्क काढल्या, धुतल्या, वाळवल्या, पुण्याला पाठवल्या. नऊ वाचल्या.

उरलेल्या २२ दुकानांचं काय काय परत मिळालं ते लिहून ठेवतो. व्यापाऱ्याने व्यापाऱ्याला केलेली बिलं मिळाली, कारण ती महिन्याच्या जीएसटी विवरणात एकेक करून सरकारी पोर्टलवर चढलेली असतात. सरकारने आपल्यासाठी प्रत ठेवली असं म्हणायला हरकत नाही. खरेदीची बिलं पुरवठादारांकडून मिळाली. गेली ती घरगुती गिऱ्हाइकांची उधारी. विवरणात किरकोळ विक्रीची नुसती बेरीज जाते, नाव जात नाही. आण्णांची दोन लाख दहा हजारांची उधारी होती, साडेतीनशे घरांची.

मी सांगायला गेलो तेव्हा ते चिखल उपसत होते. म्हणाले, “वही असती तरी गेलीच असती की. तुमी कशापायी रडताय?” मग संध्याकाळी आठवून आठवून मला नावं सांगायला लागले. १८० सांगितली.

आता माणसं स्वतःहून पैसे द्यायला येऊ लागलीत, असं ते म्हणतात. किती आले ते सांगत नाहीत.

४ सप्टेंबर २०१९

रोज रात्री दुकानाची प्रत आपोआप बाहेरच्या सर्व्हरवर. भागीदार हे दोन वर्षं सांगत होता, दुकानदार नको म्हणत होते: “आमचा हिशेब ढगात? उद्या इन्कम टॅक्सवाला वर बघंल.” पुरानंतर विचारायचीच गरज पडली नाही. तीन आठवड्यांत २९० जणांनी मागून घेतलं.

याला दर महिन्याला आम्हाला सर्व्हरचे पैसे पडतात. म्हणून एकदाच ६,५०० बंद, आता वर्षाला ३,६००. भाडं कसलं, मी विकत घेतलंय ना, असं भांडण अपेक्षित होतं. कोरड्या भागातल्या दुकानदारांनी ते केलंही. पेठेतल्या एकानेही नाही.

२५ मार्च २०२०, गुढीपाडवा

सगळं बंद. किराणा आणि औषधं चालू. ऑफिसातले फोन ते उचलणाऱ्या मुलींच्या घरी वळवलेत. एकीच्या घरातून मागे कुकरची शिट्टी ऐकू येते, दुकानदार विचारतात, काय केलंय आज?

हॉटेलं, कापड, भांडी यांचं वर्षाचं शुल्क या वर्षी मागायचं नाही असं ठरलं. भागीदार थोडा वेळ गप्प बसला, मग हो म्हणाला.

२६ जुलै २०२१

पाणी परत पेठेत. ५० फुटांच्या वर. दोन दिवस आधी सगळ्यांना मेसेज केला होता: संगणक उचलता आला तर उचला, नाही तर राहू द्या, तुम्ही निघा. आज एका दुकानदाराने कुपवाडला मेव्हण्याच्या गाळ्यात, मेव्हण्याच्या लॅपटॉपवर, पाऊण तासात पहिलं बिल काढलं. उधारीसकट.

१८ जुलै २०२२

आजपासून २५ किलोपर्यंतच्या, आधीच पॅक केलेल्या आणि लेबल लावलेल्या धान्या-डाळी-पिठावर पाच टक्के. वाघाच्या चित्राचा प्रश्न मिटला. ब्रँड असो-नसो, पिशवी बघायची. खुलासा काल रविवारी आला. मोठ्या पोत्यात दहा-दहा किलोच्या पिशव्या भरल्या तरी कर लागणार. दुकानदाराने पोतं फोडून सुटं विकलं तर नाही.

आमच्या यादीत ‘पोतं’ हे एकक आहे, पण पोतं किती किलोचं ते कुठेच नाही. साडेनऊशे दुकानांच्या यादीत वजनाचा रकाना भरायचा. नावातच ‘बासमती २५’ असं असेल तिथे यंत्राने उचललं, बाकी फोनवर विचारून. यात एक फोन असाही आला: मिलवाल्याने आता २६ किलोची पिशवी काढलीय, ती कशी टाकू? कायद्याची शाई वाळायच्या आत एक किलो तांदूळ वाढला.

१४ नोव्हेंबर २०२२

चूक माझी, म्हणून सविस्तर. दिवसाला ३०० फोन आणि आम्ही ११ माणसं. पुण्यातल्या एका सल्लागाराचं ऐकून ऑगस्टात ‘बिलासाठी एक दाबा, करासाठी दोन दाबा’ बसवलं. माझा मोबाइल नंबर स्क्रीनवरून काढला. आकडे छान दिसायला लागले: फोन निम्म्यावर, सरासरी वेळ कमी. मी खूश.

फोन कमी झाले कारण लोकांनी करणं सोडलं. दिवाळीच्या नूतनीकरणात ७१ दुकानं गेली. एरवी वर्षाला वीस-पंचवीस जातात, तीही दुकान बंद पडलं म्हणून. आण्णा रिक्षा करून विश्रामबागला आले. म्हणाले, “एक दाबलं, दोन दाबलं, बाईनं गाणं लावलं. म्हटलं जावं आता, जित्ता माणूस हाय का न्हाई बघून यावं.”

आज काढून टाकलं. त्याऐवजी फोन आला की समोरच्या पडद्यावर ते दुकान उघडतं: नाव, गाव, शेवटचं बिल, शेवटची अडचण, कोण बोललं होतं. मुलगी उचलते आणि म्हणते, “बोला काका, प्रिंटर परत का?” निम्मं भांडण तिथेच संपतं. यावरचा खर्च सल्लागाराच्या फीपेक्षा कमी.

१ ऑगस्ट २०२३

ई-इनव्हॉइस, म्हणजे बिल सरकारी पोर्टलवर नोंदवणं, आजपासून पाच कोटींच्या वरच्या उलाढालीला. आपल्याकडे असे १९. काम करून ठेवलं होतं, अडचण नाही. पण त्यातल्या सहा जणांनी सांगितलं की आता ते मोठ्या सॉफ्टवेअरवर जातायत, गोदामं तीन झाली, शाखा कोल्हापुरात. भागीदार म्हणतो, आपणही ते सगळं करू. माझं मत वेगळं. एक दुकान, एक काउंटर, एक मालक, एवढंच आपलं गाव. तिथली घरं अजून संपलेली नाहीत. वाद मिटलेला नाही, इथे नोंदवून ठेवतो.

४ सप्टेंबर २०२५

काल रात्री जाहीर झालं: २२ तारखेपासून जीएसटीचे १२ आणि २८ टक्के हे दर रद्द, तंबाखूचा माल सोडून. साबण, टूथपेस्ट, केसांचं तेल, बिस्किटं १८ वरून ५. तूप, लोणी, फरसाण १२ वरून ५. वह्या शून्य. सिमेंट २८ वरून १८. म्हणजे किराणा दुकानातलं निम्मं फडताळ. दुकानं २,३४०, माणसं १७. हातात १८ दिवस, त्यात अनंत चतुर्दशी.

२२ सप्टेंबर २०२५, घटस्थापना

हजार फोन धरून तयारी केली होती. आले २१२. दराला तारीख २०१७ मध्येच चिकटवली होती, ती आज कामी आली. नवे दर शनिवारी रात्री सगळीकडे पोचले, काल मध्यरात्री आपोआप लागू. पेनड्राइव्ह नाही, स्कूटर नाही.

२१२ मधले ९० एकाच गोष्टीचे. बिस्किटाचा पुडा तोच, बारकोड तोच, पण जुन्या मालावर जुनी छापील किंमत आणि आज आलेल्या पेटीवर नवी. यंत्र बारकोड बघून एकच किंमत उचलतं. दुपारी चारपासून: दोन किमती असतील तर दोन्ही दाखव, दुकानदार बोट ठेवेल. इथे यंत्राने ठरवायचं नाही.

त्या खालोखाल काळजीचे. १८ टक्के भरून घेतलेला माल ५ टक्क्यांनी विकायचा, मग वरचे पैसे बुडाले का? बुडाले नाहीत, खरेदीत भरलेल्या कराचं क्रेडिट खात्यावर आहे, पुढच्या करात वळतं करता येतं. पण परतावा म्हणून हातात मिळणार नाही. हे प्रत्येकाला सावकाश सांगावं लागतं, आणि सांगताना घाई केली तर दुकानदाराला वाटतं काहीतरी लपवताहेत. सरासरी फोन नऊ मिनिटं. असू दे.

आण्णांच्या दुकानात आता नात बसते. सकाळी तिचा मेसेज: सगळं बरोबर येतंय. आण्णांनी घट बसवून फोन केला, विचारायला काही नव्हतं.

उद्याची कामं: २२ च्या आधीच्या बिलावर माल परत आला तर जुनाच दर लागतोय ना, ते तपासणे. सिमेंटवाल्यांची यादी एकदा हाताने बघणे. आणि कऱ्हाडहून फोन होता. गावाचं नाव बिलावर अजून ‘कर्हाड’ येतंय. उद्या नक्की बसतो म्हणतोय भागीदार.